युसिफ वझीर चमनझमीनली आणि उसने श्रेय

अझरबैजानी लेखक आणि मुत्सद्दी युसिफ वझीर चमनझमीनली यांच्याविषयी त्यांच्या देशाबाहेर आज जे काही लिहिले जाते, त्यातला मोठा भाग त्यांनी लिहिलेल्या पुस्तकांवर खर्च होत नाही. त्यांनी लिहिलेही असेल आणि नसेलही अशा एका पुस्तकावर खर्च होतो. ‘अली आणि निनो’ ही कादंबरी १९३७ साली व्हिएन्नातून, जर्मन भाषेत, ‘कुर्बान सईद’ या टोपणनावाने प्रसिद्ध झाली. बाकूमधला एक मुसलमान तरुण आणि एक जॉर्जियन ख्रिस्ती मुलगी यांची ही प्रेमकथा १९७० मध्ये इंग्रजीत आली आणि तिथून जगभर गेली. टोपणनावाआड कोण होते हा वाद अजून मिटलेला नाही. अझरबैजानमधील अनेक अभ्यासकांनी आणि चमनझमीनली यांच्या कुटुंबीयांनीही ते चमनझमीनलीच होते असे ठामपणे मांडले, आणि काही आवृत्त्यांवर लेखक म्हणून त्यांचे नाव छापलेही गेले. हा आग्रह पुराव्याच्या दृष्टीने कच्चा आहे, असे मला वाटते. त्याहून मोठी हरकत अशी की, या उसन्या श्रेयाच्या मागे लागताना त्यांच्या नावावर निर्विवादपणे असलेले लेखन, आणि ते लिहिण्यासाठी या माणसाने मोजलेली किंमत, दोन्ही झाकोळून जातात. एखाद्या राष्ट्राने आपल्या मारल्या गेलेल्या लेखकाचे ऋण कसे फेडावे, हा प्रश्न या वादाच्या तळाशी आहे, आणि तो केवळ अझरबैजानपुरता नाही.

चमनझमीनली यांचा जन्म १२ सप्टेंबर १८८७ रोजी काराबाखमधील शुशा येथे झाला. डोंगराच्या कड्यावर वसलेले हे जुने किल्ल्याचे गाव काराबाखच्या खानांची राजधानी होते, आणि गवयांसाठी व कवींसाठी सबंध कॉकेशसमध्ये त्याचे नाव होते. त्यांचे शालेय शिक्षण तेथेच चालू असताना १९०५ साली आर्मेनियन आणि मुसलमान यांच्यात रक्तरंजित दंगे झाले, त्यांची झळ शुशालाही बसली. पाठोपाठ वडील वारले. घरची जबाबदारी अंगावर आली, आणि पुढचे शिक्षण तेलाच्या पैशाने झपाट्याने वाढत असलेल्या बाकूमध्ये पुरे करावे लागले. १९१० मध्ये ते कीव्हच्या विद्यापीठात कायदा शिकायला गेले. तेथील कॉकेशियन विद्यार्थ्यांची मंडळे, त्यांच्या खोल्यांतल्या रात्र-रात्र चालणाऱ्या चर्चा आणि झारच्या पोलिसांची नजर, हा सगळा मालमसाला पुढे त्यांच्या ‘विद्यार्थी’ या कादंबरीत उतरला.

लेखनाला सुरुवात त्याआधीच झाली होती. ‘स्वर्गाची पावती’ ही धार्मिक दांभिकतेवर कोरडे ओढणारी कथा त्यांनी विशीत लिहिली. त्यापाठोपाठ लोककथांचे संकलन, छोट्या कथा, आणि १९१३ मध्ये मुसलमान समाजातील स्त्रियांच्या स्थितीवर एक परखड पुस्तिका आली. या सुरुवातीच्या लेखनात एक गोष्ट ठळकपणे दिसते. त्यांना रशियन उत्तम येत होते, विद्यापीठातले शिक्षण रशियनमध्ये झाले होते, आणि साम्राज्यात नाव कमवायचे तर रशियनमध्ये लिहिणे हा सरळ मार्ग होता. त्यांनी मात्र कथा लिहिल्या त्या आपल्या घरच्या तुर्की भाषेत, जिला आज आपण अझरबैजानी म्हणतो. त्या काळी या भाषेतला वाचकवर्ग लहान होता, आणि कोणती भाषा लिहावी याबद्दल शिकलेल्या लोकांतच एकमत नव्हते: कुणाला इस्तंबूलची उस्मानी थाटाची भाषा प्रिय होती, कुणाला बाजारात बोलली जाणारी. चमनझमीनली दुसऱ्या बाजूचे. हा कल त्यांच्या आयुष्याचा कणा आहे, आणि लेखकत्वाच्या वादात नेमका तोच विसरला जातो.

१९१७ च्या क्रांतीने झारशाही कोसळली तेव्हा ते कीव्हमध्ये होते. तेथील अझरबैजानी मंडळींची संघटना त्यांनी उभी केली आणि स्वायत्तता म्हणजे काय, ती आपल्याला का हवी, हे साध्या भाषेत समजावणाऱ्या पुस्तिका लिहिल्या. २८ मे १९१८ रोजी तिफ्लिसमध्ये (आजच्या तिबिलिसीत) अझरबैजानच्या लोकशाही प्रजासत्ताकाची घोषणा झाली. स्त्रियांना मताधिकार देणारे हे मुस्लिमबहुल जगातील अगदी पहिल्या राज्यांपैकी एक. आयुष्य मात्र जेमतेम तेवीस महिन्यांचे. या राज्याने चमनझमीनली यांना आधी युक्रेनमध्ये प्रतिनिधी म्हणून नेमले आणि १९१९ मध्ये इस्तंबूलला राजदूत म्हणून पाठवले.

हे पद वाटते तितके भव्य नव्हते. महायुद्ध हरलेल्या उस्मानी राजधानीवर ब्रिटिश, फ्रेंच आणि इटालियन सैन्याचा पहारा होता. ज्या सुलतानाच्या दरबारी राजदूत म्हणून जायचे त्याचीच सत्ता नावापुरती उरली होती, अनातोलियात मुस्तफा केमालची वेगळी फळी उभी राहत होती, आणि ज्या राज्याचे प्रतिनिधित्व करायचे त्याला दोस्त राष्ट्रांनी प्रत्यक्षात अस्तित्वात असलेले राज्य म्हणून (डी फॅक्टो) मान्यता दिली तीच मुळी ११ जानेवारी १९२० रोजी. त्यानंतर साडेतीन महिन्यांनी, २८ एप्रिलला, लाल सेना बाकूत शिरली. राजदूत होता, वकिलात होती, पण तिच्यामागे राज्यच उरले नव्हते. प्रजासत्ताकाचे पहिले पंतप्रधान फतअली खान खोयस्की यांची त्याच जूनमध्ये तिफ्लिसमध्ये हत्या झाली. पॅरिसच्या शांतता परिषदेसाठी गेलेले शिष्टमंडळ तिथेच अडकून पडले.

अशा वेळी माणूस आठवणी लिहितो किंवा निषेधाची पत्रके काढतो. चमनझमीनली यांनी १९२१ मध्ये इस्तंबूलमधून अझरबैजानी साहित्याचा आढावा घेणारे एक पुस्तक आणि अझरबैजानचा इतिहास, भूगोल व अर्थव्यवस्था यांची ओळख करून देणारे दुसरे पुस्तक काढले. राजदूताचे काम आपल्या देशाची बाजू मांडणे हे असेल, तर वकिलात नाहीशी झाल्यावरही हा राजदूत आपले काम करीत होता, असे म्हणायला हरकत नाही. साहित्याच्या आढाव्याचे राजकीय महत्त्व तुर्कस्तानात किंवा युरोपात कुणाच्या लक्षात आले असेल की नाही, ठाऊक नाही. पण ‘रशियन साम्राज्यातले मुसलमान’ किंवा ‘तातार’ या मोघम नावाखाली ज्यांना गणले जात होते, त्या लोकांचे स्वतःचे कवी आहेत, स्वतःची परंपरा आहे, हे दाखवणे म्हणजे त्यांचा राज्याचा हक्कच मांडणे होते.

१९२३ च्या अखेरीस ते पॅरिसला गेले. धाकटा भाऊ तेथे शिकत होता. कायद्याचा पदवीधर, माजी राजदूत, अनेक पुस्तकांचा लेखक असा हा माणूस पॅरिसलगतच्या क्लिशी येथे मोटारींच्या कारखान्यात कामगार म्हणून राबला. याची फार हळहळ वाटून घेण्याचे कारण नाही. त्या काळी पॅरिसमध्ये रशियन राजघराण्यातली माणसे टॅक्सी चालवत होती. पण लेखकाच्या बाबतीत कामापेक्षा वेगळी अडचण होती. त्यांचा वाचक पॅरिसमध्ये नव्हता. इस्तंबूलमध्ये निदान तुर्की वाचणारे लोक होते. इथे हाताच्या बोटांवर मोजता येतील इतके देशबांधव आणि त्यांच्यातली भांडणे. भाऊही पुढे वारला. चमनझमीनली यांनी सोव्हिएत अझरबैजानकडे परतीची परवानगी मागितली आणि १९२६ मध्ये ते बाकूला आले.

या परतण्याबद्दल दोन प्रकारचे निवाडे ऐकू येतात. एक म्हणतो, भोळेपणा झाला. दुसरा म्हणतो, ही शरणागती होती. दोन्ही निवाडे त्यांचा पुढचा शेवट माहीत असलेल्या लोकांचे आहेत. १९२६ मधला बाकू काय होता, हे त्यांत जमेस धरलेले नाही. त्या वर्षीच्या फेब्रुवारी-मार्चमध्ये बाकूत पहिली तुर्कविद्या परिषद भरली होती आणि सोव्हिएत संघातल्या तुर्की भाषांसाठी अरबी लिपीऐवजी रोमन लिपी स्वीकारण्याचा ठराव तेथे झाला होता. मॉस्कोचे त्या काळचे धोरण स्थानिक भाषांना शाळांत, छापखान्यांत आणि कचेऱ्यांत जागा देण्याचे होते. ते धोरण मॉस्कोने स्वतःच्या सोयीसाठी आखले होते हे खरेच, पण शाळा खऱ्या होत्या आणि त्यांतली मुलेही खरी होती. ज्या भाषेसाठी चमनझमीनली विशीपासून लिहीत आले होते, तिला पहिल्यांदाच सरकारी पाठबळ, शब्दकोश, पाठ्यपुस्तके आणि हजारोंनी नवे वाचक मिळत होते. ते सरकार त्यांच्या प्रजासत्ताकाचे मारेकरी होते, हेही त्यांना पक्के माहीत होते. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असताना त्यांनी भाषेची बाजू घेतली. मला ही निवड चुकीची वाटत नाही. तिचा शेवट भयंकर झाला एवढेच.

याची तुलना करण्याजोगे एक उदाहरण शुशाचेच आहे. जेयहून हाजीबेयली हे चमनझमीनली यांच्याहून चार वर्षांनी लहान. तेही लेखक आणि पत्रकार. १९१९ मध्ये पॅरिस परिषदेच्या शिष्टमंडळातून ते फ्रान्सला गेले आणि कायमचे तिथेच राहिले. त्यांनी काराबाखच्या बोलीवर आणि लोकवाङ्मयावर फ्रेंचमध्ये अभ्यास लिहिला, देशाची बाजू युरोपच्या वृत्तपत्रांतून मांडली आणि १९६२ मध्ये ते पॅरिसमध्ये वारले. त्यांचे थोरले बंधू, संगीतकार उझेयिर हाजीबेयली, मात्र बाकूतच राहिले. प्रजासत्ताकाच्या राष्ट्रगीताला चाल देणारे हेच उझेयिर पुढे सोव्हिएत अझरबैजानच्या राष्ट्रगीताचेही संगीतकार झाले आणि मानमरातबात जगले. एकाच गावच्या तिघांपैकी एक परदेशी राहून जगला, एक मायदेशी राहून जगला, आणि जो परदेशातून मायदेशी आला तो मेला. यावरून कोणाचे शहाणपण सिद्ध होत नाही. संगीतकाराकडून सत्तेला जे हवे असते आणि कादंबरीकाराकडून जे हवे असते, त्यांत फरक असतो, आणि नशिबाचा वाटाही मोठा असतो. जेयहून वाचले, पण त्यांचे फ्रेंच लेखन वाचणारे प्राच्यविद्येचे पंडित होते. ज्या लोकांबद्दल ते लिहीत होते, त्यांच्यापर्यंत ते पोचायला सोव्हिएत संघ कोसळावा लागला.

बाकूत परतल्यानंतरची अकरा-बारा वर्षे हा चमनझमीनली यांच्या आयुष्यातला सर्वांत भरगच्च काळ. वृत्तपत्रात आणि नियोजन खात्यात नोकरी, विद्यापीठात अध्यापन, रशियन अभिजात लेखकांची भाषांतरे, रशियन-अझरबैजानी कोशाच्या कामात सहभाग, आणि हे सगळे सांभाळून कादंबऱ्या. कीव्हच्या दिवसांवरची ‘विद्यार्थी’ आणि तिला जोडूनच येणारी ‘१९१७ साली’, १९३४ मधली इस्लामपूर्व काळात घडणारी ‘मुलींचा झरा’, आणि शेवटी अठराव्या शतकातल्या काराबाखवरची ऐतिहासिक कादंबरी, जी ‘दोन आगींच्या मध्ये’ आणि ‘रक्तामध्ये’ अशा दोन नावांनी ओळखली जाते.

या शेवटच्या कादंबरीपाशी थांबले पाहिजे, कारण तिचा विषय ज्याने त्याने आपापल्या परीने वाचावा असा आहे. तिच्या केंद्रस्थानी मोल्ला पनाह वागिफ आहेत: अझरबैजानी भाषेतले मोठे कवी, आणि काराबाखच्या इब्राहिम खलील खानाचे वजीर. एका बाजूला इराणचा आगा महंमद खान काजार, दुसऱ्या बाजूला दक्षिणेकडे सरकणारा रशिया, आणि मधे डोंगरावरचे चिमुकले खानराज्य. त्याचा परराष्ट्रव्यवहार एका कवीच्या हाती. १७९५ मध्ये आगा महंमदाने शुशाला वेढा दिला, पण गाव पडले नाही. १७९७ मध्ये तो पुन्हा आला आणि या वेळी शुशा त्याच्या हाती पडले. खान पळून गेला होता. वागिफ कैद झाले. पुढे जे घडले ते कोणत्याही कादंबरीकाराने रचले असते तर कुणी विश्वास ठेवला नसता. आगा महंमदाने काही नोकरांवर संतापून त्यांना देहान्ताची शिक्षा फर्मावली, पण ती लगेच अमलात आणली नाही, आणि तेच नोकर रात्री त्याच्या सेवेत राहिले. त्यांनी त्याला झोपेत ठार केले. वागिफ सुटले. पण ही सुटका औटघटकेची ठरली; खानाच्या अनुपस्थितीत सत्ता बळकावणाऱ्या त्याच्या पुतण्याने वागिफ आणि त्यांचा मुलगा या दोघांनाही मारून टाकले. परकीय आक्रमकाच्या तावडीतून वाचलेला कवी आपल्याच माणसांच्या हातून मेला.

एक माजी राजदूत १९३० च्या दशकात, मॉस्को आणि आपला प्रांतिक हुकूमशहा मीर जाफर बागिरोव यांच्या छायेत बसून, दोन सत्तांच्या कात्रीत सापडलेल्या कवी-वजिराची गोष्ट लिहितो, तेव्हा तो केवळ इतिहास लिहीत असतो असे मानणे कठीण आहे. तरीही या कादंबरीला निव्वळ आत्मचरित्राचे रूपक समजणे हाही अन्याय होईल. लहान राज्यांना मोठ्या शेजाऱ्यांमध्ये जगण्यासाठी जी लवचीकता लागते, ती किती वाकली की मोडते, हा तिचा विषय आहे. असा विषय हाताळायला इस्तंबूलमधल्या वकिलातीचा अनुभव असलेला लेखक मिळणे ही अझरबैजानी साहित्याची कमाई आहे. ही कादंबरी त्यांच्या हयातीत वाचकांपुढे येऊ शकली नाही.

१९३७ मध्ये बागिरोवच्या राजवटीने लेखकांवर झडप घातली. प्रजासत्ताकाच्या राष्ट्रगीताचे शब्द लिहिणारे अहमद जवाद त्या ऑक्टोबरमध्ये गोळी घालून मारले गेले. तरुण कवी मिकाईल मुश्फिग यांना जानेवारी १९३८ मध्ये. नाटककार हुसेन जाविद यांची रवानगी सैबेरियात झाली आणि ते तिथेच १९४१ मध्ये वारले. चमनझमीनली यांच्यावर राष्ट्रवादाचा ठपका आला, लेखक संघातून त्यांना काढून टाकण्यात आले, आणि उत्पन्नाचे मार्ग एकेक करून बंद झाले. १९३८ मध्ये ते उझबेकिस्तानातील उर्गेंच येथे गेले आणि तेथील अध्यापक महाविद्यालयात रशियन शिकवू लागले. दूरच्या गावी विसरले जाण्याचा हा प्रयत्न दोन वर्षे टिकला. १९४० मध्ये त्यांना तेथून अटक करून बाकूला आणले गेले आणि आठ वर्षांची शिक्षा झाली. ३ जानेवारी १९४३ रोजी रशियातील गोर्की प्रांतातल्या कैद्यांच्या छावणीत त्यांचा अंत झाला. वय पंचावन्न.

आता पुन्हा ‘अली आणि निनो’कडे येऊ. चमनझमीनली यांच्या बाजूने जी कारणे दिली जातात ती अशी: ते कादंबरीतल्या काळाचे प्रौढ साक्षीदार होते, काराबाख, शुशा, तेथील गाणे-बजावणे त्यांना आतून माहीत होते, इस्तंबूल आणि पॅरिसमधल्या हलाखीत त्यांनी एखादे हस्तलिखित विकले असण्याची शक्यता आहे. अझरबैजानविषयीच्या एका इंग्रजी नियतकालिकाने २०११ मध्ये या विषयावर मोठा अंक काढून, कादंबरीचा गाभा त्यांचा आणि त्यावरचा संस्कार दुसऱ्याचा, असा निष्कर्ष मांडला. तो दुसरा म्हणजे लेव्ह नुसिनबाउम. १९०५ मध्ये जन्मलेला, बाकूमधल्या ज्यू तेल व्यावसायिकाचा मुलगा. क्रांतीनंतर वडिलांसोबत पळालेला, बर्लिनमध्ये मुसलमान झालेला, आणि ‘असद बे’ या नावाने कॉकेशसवर जर्मनमध्ये भराभर पुस्तके लिहिणारा. त्याच्या लेखनातला अतिशयोक्तीचा मारा पाहून त्या काळच्या अझरबैजानी निर्वासितांनीही त्याच्यावर टीका केली होती. कादंबरीतली कित्येक स्थळे त्याच्या आधीच्या पुस्तकांतल्या मजकुराशी जुळतात, हे दोन्ही पक्षांना मान्य आहे. शिवाय जर्मन ग्रंथसूचीत ‘कुर्बान सईद’ हे टोपणनाव एल्फ्रीडे एरेनफेल्स या ऑस्ट्रियन बाईंच्या नावे नोंदलेले आहे. (त्यांचे पती ओमर रॉल्फ एरेनफेल्स नाझींमुळे भारतात आले आणि पुढे मद्रास विद्यापीठात मानववंशशास्त्राचे प्राध्यापक झाले, भारतातील मातृसत्ताक समाजांवरचे त्यांचे काम अभ्यासकांना परिचित आहे.)

या साऱ्यात चमनझमीनली यांचा व्हिएन्नाच्या प्रकाशकाशी थेट संबंध जोडणारा धागा नाही. अनुभवांचे साम्य हा पुरावा नव्हे. १९१८ ते १९२० चा बाकू हजारो लोकांनी पाहिला होता. विकलेल्या हस्तलिखिताची कल्पना अशक्य नाही, पण शक्यतेला मुखपृष्ठावर नाव छापण्याइतका मान देता येत नाही. यात एक विपरीतपणाही आहे. १९३७ मध्ये बाकूत बसून परदेशी प्रकाशकाकडे प्रजासत्ताकाचे गुणगान करणारे पुस्तक पोचवणे, हा नेमका तसलाच आरोप होता जो बागिरोवच्या तपासनिसांना अशा माणसावर सिद्ध करायला आवडला असता. त्यांच्यावर ‘राष्ट्रवादी’ म्हणून किटाळ आणणाऱ्यांनी जे म्हणण्याचे धाडस केले नाही, ते आता त्यांचे चाहते अभिमानाने म्हणतात.

पुराव्यापेक्षा मला या आग्रहामागची प्रेरणा अधिक खटकते. १९९१ नंतर स्वतंत्र झालेल्या देशाला पहिल्या प्रजासत्ताकाची शोकान्तिका सांगणारी, जगात आधीच वाचली जाणारी एक कादंबरी आयती मिळाली. तिचा नायक गांजा या अझरबैजानी शहराच्या पुलावर लाल सेनेशी लढताना मरतो. असे पुस्तक आपल्या मातीतल्या, आपल्या भाषेतल्या, छावणीत मारल्या गेलेल्या लेखकाचे असावे ही इच्छा समजण्यासारखी आहे. पण तिचे दोन परिणाम होतात, आणि दोन्ही वाईट. पहिला असा की नुसिनबाउम परका ठरतो. तेलाच्या काळातला बाकू हा रशियन, आर्मेनियन, ज्यू, जर्मन, पोलिश, इराणी आणि तुर्कीभाषक लोकांनी मिळून घडवला होता; तिथे वाढलेला ज्यू मुलगा आयुष्यभर त्याच शहराबद्दल लिहीत राहिला, तर तो बाकूचा लेखक का नव्हे? त्याला बाहेर काढून शहराचा मोठेपणा वाढत नाही, आक्रसतो. दुसरा परिणाम चमनझमीनली यांच्यावरच होतो. ज्यांनी रशियन येत असून अझरबैजानीत लिहिले, ज्यांनी वाचकासाठी पॅरिस सोडले, ज्यांचा जीव शेवटी या निवडीपायी गेला, त्यांचे मोठेपण सिद्ध करायला जर्मनमधल्या, इंग्रजीमार्गे गाजलेल्या पुस्तकाची साक्ष काढायची, म्हणजे त्यांनी आयुष्यभर ज्या मापाला नकार दिला त्याच मापाने त्यांना मोजायचे. ‘विद्यार्थी’ किंवा वागिफवरची कादंबरी युरोपात गाजली नाही, म्हणून ती पुरेशी नाही, असे हे न बोलता केलेले विधान आहे.

सोव्हिएत राज्यानेही त्यांना असेच अर्धे परत केले होते. स्टालिनच्या मृत्यूनंतर, ज्या १९५६ साली बागिरोवलाच गोळी घालण्यात आली त्याच वर्षी, चमनझमीनली निर्दोष ठरले. पुस्तके पुन्हा निघू लागली. पण पुनर्वसन झाले ते कथाकाराचे आणि भाषांतरकाराचे. राजदूत आणि स्वायत्ततेच्या पुस्तिका लिहिणारा माणूस सोव्हिएत संघ टिकला तोवर अडगळीतच राहिला. त्या राज्याला लेखक हवा होता, मुत्सद्दी नको होता. स्वतंत्र देशाने मुत्सद्द्याला बाहेर आणले, आणि लेखकावर मात्र दुसऱ्याचे पुस्तक चढवले. दोन्ही वेळा त्यांच्या स्वतःच्या पानांना दुय्यम जागा मिळाली.

यावर कुणी म्हणेल की वादामुळे का होईना, नाव तरी पसरले. ‘अली आणि निनो’ वाचणारा शंभरातला एखादा चमनझमीनली यांच्या खऱ्या पुस्तकांकडे वळेल. मला ही आशा फोल वाटते. वादातून आलेला वाचक वादातलेच पुरावे शोधत वाचतो: या पानावरचे शुशाचे वर्णन त्या पानाशी जुळते का, हा वाक्प्रचार तिथेही आहे का. वागिफवरची कादंबरी अशा नजरेने वाचली की तिच्यातला राजकीय विचार हातून निसटतो आणि उरतात फक्त जुळणाऱ्या ओळी.

करण्यासारख्या गोष्टी साध्या आहेत. नवा पुरावा सापडेपर्यंत ‘अली आणि निनो’च्या मुखपृष्ठावर ‘कुर्बान सईद’ हेच नाव राहावे आणि प्रस्तावनेत वादाची हकिगत द्यावी. चमनझमीनली यांच्या इस्तंबूलमधल्या दोन्ही पुस्तकांच्या टीपांसह आवृत्त्या इंग्रजीत याव्यात, कारण १९२१ मध्ये एक हरलेला राजदूत आपल्या देशाची ओळख कशी करून देत होता, हे प्रजासत्ताकाच्या इतिहासात रस असणाऱ्या प्रत्येकाला वाचायला हवे. आणि ‘दोन आगींच्या मध्ये’चे चांगले अनुवाद अझरबैजानीतून थेट व्हावेत, तेही फक्त युरोपच्या भाषांत नव्हे. इराण आणि रशिया यांच्यामधल्या त्या चिमुकल्या खानराज्याच्या दरबारात काय शिजत होते, हे समजून घ्यायला पेशवाईच्या अखेरच्या वर्षांतले पुणे दरबारचे राजकारण ज्यांना तोंडपाठ आहे, त्या मराठी वाचकांना फारशी प्रस्तावना लागणार नाही. वागिफ मारले गेले ते १७९७ साल नाना फडणवीसांच्या शेवटच्या वर्षांतलेच आहे.